वेबेरचा एकच विनोद? जरा बोलूच

तिरकस_तात्या
फ्रेंच विनोदी सिनेमांचा लेखक-दिग्दर्शक फ्रान्सिस वेबेर, त्याच्याबद्दल काल कुणीतरी लिहिलं, 'वेबेरनं जन्मभर एकच सिनेमा लिहिला.' डोकं फिरलं, म्हणून हा धागा. अहो, पात्राला फ्रांस्वा पिन्यों हे नाव तो 1973 पासून देतोय, पण माणूस दर वेळी वेगळा! पहिला, 'लाँमेर्दर'मधला झाक ब्रेलचा पिन्यों, बायको सोडून गेली म्हणून जीव द्यायला निघालेला. दानिएल ओतयचा पिन्यों नोकरी टिकावी म्हणून 'समलिंगी आहे' ही अफवा पसरू देणारा हिशेबनीस. आणि 'ल दिने द काँ'मधला (मूर्खांना हसायला म्हणून जेवायला बोलावतात, तो सिनेमा) झाक विलरे, काडेपेटीच्या काड्यांचे मनोरे बांधणारा! फ्रान्समध्ये त्या सिनेमाची नव्वद लाखांवर तिकिटं खपली. एकच सिनेमा म्हणे.

खडूस_सातारकर
काल लिहिणारा मीच. एक आडदांड, एक बावळट, दोघांना एकमेकांच्या गळ्यात बांधा, झाली पटकथा. पिएर रिशार आणि जेरार दपार्द्यू या नटांची जोडी तीनदा वापरली. तिसरा, 'ले फ्युजितिफ' (1986), तर 1989 साली हॉलिवूडला जाऊन स्वतःच परत काढला! याला प्रतिभा म्हणायचं की शिळ्या कढीला ऊत?

तिरकस_तात्या
विनोदाची घडी बसायला एकेक वाक्य किती घासावं लागतं, ठाऊक आहे का? बरं, 2008 साली 'लाँमेर्दर' पुन्हा काढायला नको होता. झालं समाधान?

ल्याँची_सून
तुम्ही सबटायटलं वाचून भांडताय. 'दिने'मधला यजमान ब्रोशाँ सांगतो, 'त्याचं नाव झ्युस्त लब्लाँ.' पिन्यों विचारतो, 'म्हणजे त्याला पहिलं नावच नाही?' झ्युस्त म्हणजे 'फक्त', हे कळलं तर हसाल ना! इथे सासरे हे जेवताना म्हणतात आणि अख्खं टेबल हसतं. मला कळायला दोन वर्षं लागली.

पडद्यामागचा
ते जाऊ द्या. 'दिने'वरून काढलेल्या हिंदी 'भेजा फ्राय'च्या श्रेयनामावलीत वेबेर कुठे आहे? हॉलिवूडनं 'द टॉय', 'फादर्स डे' काढताना मूळ फ्रेंच सिनेमा मान्य तरी केला. आपल्याकडे सगळं 'प्रेरणा'. 2009 चा 'डू नॉट डिस्टर्ब' पाहा, तोही वेबेरच्याच 'ला दुब्ल्युर'वरून.

खडूस_सातारकर
मान्य करून काय दिवे लावले? 'दिने'च्या 2010 च्या अमेरिकन आवृत्तीत मूर्खांची मेजवानी दाखवली. वेबेरकडे ती होतच नाही! यजमानाच्या पाठीत उसण भरते आणि सगळं घरातच घडतं. (हो, हे वेबेरचं कौतुक आहे. स्क्रीनशॉट काढून ठेवा.)

पडद्यामागचा
म्हणजे चोरी चालेल, फक्त चांगली हवी?

खडूस_सातारकर
तुम्ही प्रत्येक धाग्यावर चोर पकडायला येता का हो?

ल्याँची_सून
आता सुरू.

निवृत्त_कारकून
मी फारसं लिहीत नाही. ऑफिसच्या वार्षिक पार्टीत मला आग्रहानं किशोरकुमार गायला लावायचे. चार वर्षं गायलो, इस्त्रीचा शर्ट घालून. पाचव्या वर्षी शेजारच्याचा फोन टेबलावर उघडा दिसला. ग्रुपचं नाव होतं 'आज गवई'. त्यानंतर आंघोळीतसुद्धा गुणगुणलो नाही. 'भेजा फ्राय'मधला तो गाण्याची वही घेऊन येणारा माणूस मला अर्धा तासच बघवला. मूळ सिनेमा मुलीनं बळंच दाखवला. त्यात तो मेजवानीला पोचतच नाही, तेव्हा मला केवढं हायसं वाटलं.

खडूस_सातारकर
काका, वाईट वाटलं. पण शेवटी फोनवर घोळ घालून पुन्हा मूर्ख तोच ठरतो ना? वेबेर त्याला सोडत नाही.

निवृत्त_कारकून
नाही सोडत. पण तोवर यजमानाची बायको गेलेली, मैत्रीण दुखावलेली, आणि करनिरीक्षकाला घाईघाईनं लपवलेली चित्रंही दिसलेली. मी दोघांनाही हसलो. यजमानाला जरा जास्त.

तिरकस_तात्या
सातारकर, बोला आता.

खडूस_सातारकर
'दिने' सोडला. रिशार-दपार्द्यूच्या पहिल्या, 'ला शेव्र'बद्दलचं मत तेच.

पडद्यामागचा
आणि 'भेजा फ्राय'च्या श्रेयाचं काय?