मदत हवी आहे: भावनगरी मिरचीतलं चीज वाहून जातं, ३० पाहुण्यांसाठी काय करू?

नमस्कार मंडळी,

येत्या शनिवारी आईला ७५ वर्षं पूर्ण होतायत. हॉल घेतलेला नाही, घरीच करायचं असं तिनेच सांगितलंय. साधारण ३० माणसं येतील. जेवण बाहेरून मागवलंय, पण आल्याआल्या हातात द्यायला काहीतरी घरचं हवं आणि ते मी करणार आहे.

त्यामागचं कारण सांगतो. आमच्याकडे कुठलंही कार्य असलं की भरल्या मिरच्या आईच्या. बेसन, दाण्याचं कूट, लिंबू, चिमूटभर साखर असं सारण भरून तव्यावर परतलेल्या. माणसं हॉलमध्ये खात असतात आणि ती गॅसपाशी उभी राहून पुढचा घाणा उलटत असते. तिच्या ताटात मिरची येईपर्यंत ती गार झालेली असते. इतकी वर्षं हे बघत आलोय. या वेळी मिरच्याच करायच्या, पण मी करायच्या आणि तिने बाहेर सगळ्यांत बसायचं. नातवंडांना आवडाव्यात म्हणून चीज भरायचं ठरवलं.

रविवारी एकदा करून बघितल्या. मंडईतून पाव किलो भावनगरी आणली, ९ आल्या. उभी चीर दिली, बिया काढल्या, प्रोसेस्ड चीज किसून ठासून भरलं, वरून तेलाचा हात फिरवला आणि ओटीजीत २२० डिग्रीला ठेवल्या. आठ-नऊ मिनिटांतच चिरेतून चीज बुडबुडत बाहेर यायला लागलं. २० मिनिटांनी ट्रे काढला तर त्यावर चीजचा तपकिरी पापड झालेला, उलथन्याने खरवडावा लागला. मिरच्या आतून पोकळ आणि देठाकडे अजून कच्च्या, चावताना करकर वाजत होत्या. त्यातल्या दोन इतक्या जहाल निघाल्या की पुतणीने एक घास घेतला आणि रडायलाच लागली. ७ वर्षांची आहे, तिला पुन्हा मिरची दाखवायचीही मला भीती वाटते.

चीज आत राहावं, मिरची नीट शिजावी आणि तिखटपणा लहान मुलांना सोसेल इतकाच असावा, एवढं जमवायचंय. शेजारचं कुटुंब जैन आहे, त्यामुळे कांदा, लसूण, बटाटा नको. वहिनीने मशरूम सुचवले होते, पण तेही त्यांना चालत नाहीत आणि आईच्या मैत्रिणींतल्या निम्म्या खात नाहीत. तळण शक्यतो नको, कारण मग मीच गॅसला चिकटून राहीन आणि आई मदतीला उठेल. ओटीजी २८ लिटरचा आहे. आदल्या दिवशी किती तयारी करून ठेवता येईल तेही सांगा. आधीच आभार.

प्रतिसाद १

चीज वाहणारच. ते पाच-सहा मिनिटांत वितळतं आणि मिरचीच्या जाड सालीला पंधरा तरी लागतात. म्हणजे मिरची होईस्तोवर चीज बाहेर. शिवाय भावनगरीचं स्वतःचं पाणी सुटतं, त्याची वाफ आतल्या सारणाला ढकलते. नुसतं चीज भरू नका. पनीर जास्त, चीज कमी असं घ्या. पनीर दूध फाडून केलेलं असतं, ते तापलं तरी वितळत नाही, त्यामुळे सारण जागेवर बसतं.

प्रतिसाद २

माझं ऐकाल तर चीर देऊच नका. मिरची देठासकट उभी दुभागा आणि होड्या करा. तोंड वर राहिलं की चीज वितळलं तरी जाणार कुठे? ३० मिरच्यांच्या ६० होड्या होतात, माणशी दोन. देठ ठेवा, मुलांना धरायला बरं पडतं.

आणि रिकाम्या होड्या आधी पालथ्या घालून २०० डिग्रीला ६ मिनिटं भाजा. काढल्यावर आत पाणी साचलेलं दिसेल, ते कोरड्या फडक्याने टिपून घ्या. गार झाल्यावरच भरा. गरम होडीत भरलंत तर चीज तिथेच सैल पडतं. दुसऱ्यांदा १० ते १२ मिनिटं पुरतात.

प्रतिसाद ३

तिखटाबद्दल. बियांना सगळे दोष देतात, पण जहालपणा असतो तो बिया ज्या पांढऱ्या शिरेला चिकटलेल्या असतात त्या शिरेत. बिया झटकल्या आणि शीर राहिली की मिरची तिखटच. चहाच्या चमच्याच्या दांड्याने देठापासून टोकापर्यंत शीर खरवडून काढा. हाताला आधी तेल लावा नाहीतर हातमोजे घाला, कारण तिखटातलं कॅप्सेसिन तेलात विरघळतं, पाण्यात नाही. नुसत्या पाण्याने हात धुऊन डोळ्याला लावलात तर रात्र जाईल.

एकाच ढिगातल्या दोन मिरच्यांत फरक असतो. खरवडताना प्रत्येकीचा इवलासा तुकडा जिभेवर ठेवून बघा, जहाल निघेल ती मोठ्यांच्या ताटलीत. पुतणीला तरीही धाडस होत नसेल तर तिच्यासाठी लहान सिमला मिरच्या घ्या. त्या तिखट नसतात आणि सारण तेच चालतं.

धागाकर्ता

सगळ्यांचे मनापासून आभार! होडीची कल्पना डोक्यातच आली नव्हती. सारणाचं प्रमाण कोणी सांगेल का? आणि नुसतं पनीर-चीज सपक होईल का, ही शंका आहे. आईच्या सारणाची चव थोडी तरी यायला हवी.

प्रतिसाद ४

मग आईचं बेसन सोडू नका ना! भाजलेलं बेसन पाणी शोषून घेतं, ब्रेडच्या चुऱ्यापेक्षा छान काम करतं आणि चव घरची राहते. एका होडीत साधारण १५ ग्रॅम सारण मावतं, म्हणजे ६० होड्यांना ९०० ग्रॅमच्या आसपास लागेल. थोडं जास्तच धरा:

पनीर ६०० ग्रॅम, हाताने कुस्करून
प्रोसेस्ड चीज ३०० ग्रॅम, म्हणजे २५ ग्रॅमचे १२ क्यूब, किसून
बेसन ४ मोठे चमचे, कोरडंच खमंग भाजून
जिरेपूड, कोथिंबीर, एका लिंबाचा रस, दोन चिमूट साखर

बेसन मंद आचेवर वास सुटेपर्यंत भाजा आणि पूर्ण गार करा. कच्चं राहिलं तर घशात चिकटतं. मीठ सगळ्यात शेवटी, चव बघून. प्रोसेस्ड चीज मुळातच खारट असतं. सारण मुठीत दाबलं की गोळा राहिला पाहिजे. हाताला ओलं लागत असेल तर अजून चमचाभर बेसन. आणि होडी काठोकाठच भरा, वर डोंगर नको.

प्रतिसाद ५

वर थोडं मोझरेला पसरलंत तर तार सुटेल, मुलांना तेच हवं असतं. पण आत प्रोसेस्डच ठेवा. जैन शेजाऱ्यांसाठी पाकिटावरचा हिरवा ठिपका बघा आणि तरीही एकदा विचारून घ्या. काही घरांत चीज अजिबात खात नाहीत. त्यांच्यासाठी चार होड्या नुसत्या पनीर-बेसनाच्या करून वेगळ्या ताटलीत ठेवायच्या, कोणाची पंचाईत नको.

प्रतिसाद ६

तयारीचा क्रम. शुक्रवारी रात्री मिरच्या धुऊन, पुसून, दुभागून, खरवडून डब्यात सुती फडक्यात गुंडाळून फ्रीजमध्ये. सारण वेगळ्या डब्यात. शनिवारी सकाळी होड्या भाजून, टिपून, भरून परत फ्रीजमध्ये, झाकून. पाहुणे यायच्या अर्धा तास आधी पहिला ट्रे बाहेर काढा आणि ओटीजी तापत ठेवा.

२८ लिटरच्या ट्रेवर १६ ते १८ होड्या बसतील, म्हणजे चार खेपा. पहिला ट्रे संपत आला की दुसरा आत. सगळ्या एकदम करून ठेवू नका. दूध-पनीरचा पदार्थ आहे, दोन तासांपेक्षा जास्त बाहेर राहू देऊ नये. चौथ्या खेपेला उशीर होईल असं वाटलं तर जाड बुडाच्या पॅनमध्ये तेलाचं बोट फिरवून होड्या तोंड वर करून ठेवा, झाकण घालून मंद गॅसवर सात-आठ मिनिटं. तळाला छान डाग पडतात.

धागाकर्ता (बुधवार)

काल रात्री सहा होड्या वरच्या प्रमाणात करून बघितल्या. चीज बाहेर आलं नाही, ट्रे जवळजवळ कोरडा निघाला! २०० डिग्रीला ११ मिनिटांत कडा काळपट झाल्या, वर सोनेरी रंग आला आणि मिरची मऊ झाली, पण लिबलिबीत नाही. शीर खरवडायला एका मिरचीला दीड-दोन मिनिटं लागतात. म्हणजे ३० मिरच्यांना तासभर धरून चाललोय, बायको आणि भाऊ बसणार आहेत बरोबर. लिंबाचा रस मी अर्ध्या लिंबाचाच ठेवणार आहे, पूर्ण घातल्यावर सारण सैल वाटलं.

शेजारच्या काकूंना विचारलं. त्यांच्याकडे चीज चालतं, फक्त सूर्यास्ताआधी जेवतात. त्यामुळे त्यांची ताटली साडेपाचलाच देणार. प्रतिसाद ५, तुम्ही विचारायला सांगितलंत म्हणून हे कळलं.

प्रतिसाद ३

छान! पुतणीचं काय ठरलं?

धागाकर्ता (रविवार)

पुतणीसाठी पाच सिमला मिरच्या केल्या होत्या. तिने त्यातल्या दोन खाल्ल्या आणि मग मोठ्यांच्या ताटलीतल्या एका होडीचं टोक स्वतःहून चाखून बघितलं. रडली नाही, पाणी मागितलं एवढंच.

६० पैकी एकही उरली नाही. तिसरी खेप पॅनवर केली, कारण माणसं अंदाजापेक्षा लवकर आली, आणि खरं सांगायचं तर तीच सगळ्यात चांगली झाली. खालून बेसनाचा खमंग वास येत होता.

आई दोनदा स्वयंपाकघरात यायला निघाली, दोन्ही वेळा भावाने तिला परत बसवलं. पहिल्या ट्रेमधल्या दोन होड्या तिच्या हातात गरम गरम दिल्या. फुंकर घालत खाल्ल्या तिने. तिसरी मागून घेतली आणि विचारलं, "बेसन किती वेळ भाजलंस?" बारा मिनिटं म्हणालो. "अजून दोन मिनिटं चाललं असतं," म्हणाली.

वाटीभर सारण उरलं होतं, ते आज सकाळी पोळीत भरून तव्यावर भाजलं.