हरकत, अपील की वाद? सहकारी निवडणुकीतले शब्द

पाटकरी: विकास सोसायटीच्या (गावातल्या शेतकऱ्यांना कर्ज देणारी सहकारी संस्था) निवडणुकीच्या कागदांत ‘हरकत’, ‘अपील’ आणि ‘वाद’ असे तीन शब्द येतात. बातमीत मात्र सरसकट ‘तक्रार’. त्यांच्या अर्थांमध्ये खरंच फरक आहे, की लिहिणाऱ्याची मर्जी?

कलमदान: फरक टप्प्याचा आहे. आधी क्रियापदं बघा: हरकत *घेतात*, अपील *करतात*, वाद *दाखल करतात*. प्रारूप (कच्च्या) मतदार यादीत नाव नसलं किंवा मयताचं नाव राहिलं, तर हरकत. छाननीच्या टेबलावर दुसऱ्याच्या उमेदवारी अर्जाला विरोध करायचा, तर तीही हरकतच; तो थकबाकीदार आहे एवढं तोंडी सांगून भागत नाही, खातेउतारा जोडावा लागतो. आपला अर्ज नामंजूर झाला की अपील. निकाल लागल्यावर निवडणुकीलाच आव्हान द्यायचं, तर वाद.

तानपुरा: ‘हरकत’ मूळ अरबी, अर्थ हालचाल. गाण्यातली हरकत त्या अर्थाला अजून धरून आहे. मराठी व्यवहारात मात्र तिचा अडथळा झाला. ‘तक्रार’चं मूळ ‘पुन्हा पुन्हा म्हणणं’, हे सहकारी संस्थांवर देखरेख ठेवणाऱ्या सहायक निबंधकाच्या कार्यालयात गेलेल्याला पटेल.

कलमदान: आणि ‘मंजूर’ म्हणजे मुळात ‘पाहिलेला’, ‘नजर’शी नातं असलेला. इथे तो शब्द फार नेमका वापरायला हवा. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम १५२-अ खालचं अपील *ना*मंजुरीविरुद्ध आहे. नामंजुरीच्या तारखेपासून ३ दिवसांत निबंधकाकडे करायचं, त्याने १० दिवसांत निकाली काढायचं, आणि तो निर्णय अंतिम. विरोधकाचा अर्ज चुकून *मंजूर* झाला म्हणून हे अपील चालत नाही. ‘छाननीच्या निर्णयाविरुद्ध अपील’ असं मोघम लिहिणारे नेमके इथे अडकतात.

पाटकरी: मग विरोधकाचा अर्ज मंजूर झाला, तर काहीच नाही?

कलमदान: आहे, पण निकालानंतर. कलम ९१ खाली सहकार न्यायालयात वाद. म्हणून छाननीच्या वेळी लेखी हरकत देऊन पोच घ्यायची आणि निवडणूक निर्णय अधिकाऱ्याच्या आदेशाची सही-शिक्क्याची नक्कल मागायची. पुढे पुराव्याला हेच कागद लागतात.

गावठाण: ‘निवडणूक अधिकारी’ आणि ‘निवडणूक निर्णय अधिकारी’ एकच का?

कलमदान: बोलताना एकच. लिहिताना ‘निवडणूक निर्णय अधिकारी’ लिहा. अर्ज मंजूर-नामंजूर करणारा आणि निकाल जाहीर करणारा तोच.

शिरस्तेदार: ‘वाद’ इथे भांडण नव्हे, न्यायालयातलं प्रकरण. दिवाणी न्यायालयात दावा, सहकार न्यायालयात वाद. दाखल करणारा वादी, समोरचा जाबदेणार (‘जाब’ म्हणजे जवाबच). निवडून आलेल्या उमेदवाराला जाबदेणार केलं नाही, तर वाद पहिल्याच पायरीवर लंगडा पडतो. नुसतं संस्थेला आणि अधिकाऱ्याला जोडून चालत नाही.

मागणीचे शब्दही तपासा. ‘निवडणूक रद्द ठरवावी’ ही एक मागणी, ‘मला निवडून आल्याचं घोषित करावं’ ही दुसरी. पहिली मिळाली म्हणून दुसरी आपोआप मिळत नाही. शिवाय निकालावर परिणाम झाला हे आकड्यांत दाखवावं लागतं. १२ मतांनी हरलात आणि बोगस म्हणता ती मतं ९, तर ती सगळी वजा केली तरी समोरच्याची ३ मतांची आघाडी उरतेच. सहकार न्यायालयाच्या निवाड्यावर अपील, ते कलम ९७ खाली सहकार अपील न्यायालयात.

गावठाण: मतदार यादीच चुकीची असेल, तर सरळ उच्च न्यायालयातून ‘स्टे’ आणतात की.

शिरस्तेदार: आणू पाहतात. सर्वोच्च न्यायालयाने १९५२ च्या पोन्नुस्वामी निकालात ‘निवडणूक’ या शब्दाचा अर्थ मतदानाच्या दिवसापुरता न ठेवता अधिसूचनेपासून निकालापर्यंतची सगळी प्रक्रिया असा लावला. २००१ साली महाराष्ट्रातल्याच एका दूध उत्पादक संस्थेच्या प्रकरणात मतदार यादी तयार करणं हाही निवडणूक प्रक्रियेतला मधला टप्पा ठरला. प्रक्रिया सुरू झाल्यावर उच्च न्यायालयाने ती सहसा थांबवू नये, दाद निकालानंतर मागावी. शब्दाची व्याप्ती वाढली आणि स्थगितीची वाट अरुंद झाली.

पाटकरी: म्हणजे ‘तक्रार अर्ज’ असा मथळा दिला तर बिघडतं?

कलमदान: बिघडू शकतं. तक्रार म्हणून आलेला कागद आवक क्रमांक पडून ‘खुलासा करावा’ या शेऱ्यासह संस्थेकडे जातो. तो परत येईपर्यंत ते ३ दिवस संपलेले असतात. मथळ्यातच ‘कलम १५२-अ अन्वये अपील’ लिहा, खाली नामंजुरीची तारीख.

तानपुरा: ‘बिनविरोध’ आणि ‘अविरोध’ यांतलं बरोबर कुठलं?

शिरस्तेदार: दोन्ही रूढ आहेत. पण बिनविरोध म्हणजे ‘आव्हान न देता येणारी’ असा समज असतो, तो चुकीचा. एकाचाच अर्ज उरला, कारण बाकीचे नामंजूर झाले, अशी निवडही निवडणूकच. तिच्यावरही वाद दाखल होतो, आणि मुदत निकाल जाहीर झाल्यापासूनच मोजतात.