मदत हवी आहे: ६१७४ मध्ये अडकलेल्या नायिकेला बाहेर कसं काढू?

नमस्कार मंडळी. मी सोलापूरचा, पहिलीच कादंबरी लिहितोय. चौदा प्रकरणं झाली आणि पंधराव्यात नायिका अशी अडकली आहे की बाहेर काढायची वाटच सापडेना. दोष कुणाला द्यायचा, जादूचे नियम मीच केलेत.

देवळालीचे शाळामास्तर द. रा. कापरेकर यांनी १९४९ मध्ये शोधलेली ६१७४ ही संख्या बऱ्याच जणांना माहीत असेल. चारही अंक सारखे नसलेली कुठलीही चार अंकी संख्या घ्यायची. अंक उतरत्या क्रमाने लावायचे, मग चढत्या, आणि मोठीतून लहान वजा करायची. उत्तरावर पुन्हा तेच. जास्तीत जास्त ७ वजाबाक्यांत ६१७४ येणारच.

माझी नायिका घड्याळातली वेळ चार अंकांत वाचते आणि वजाबाक्या करत जाते. सकाळचे साडेनऊ म्हणजे ०९३०. मग ९३०० − ००३९ = ९२६१, ९६२१ − १२६९ = ८३५२, ८५३२ − २३५८ = ६१७४. तीन पायऱ्या. आता ६१ वाजून ७४ मिनिटं ही वेळ कुठल्याच घड्याळात नाही. तिथं पोचलं की गावाची वेळ थांबते, तिची तेवढी चालू राहते. जागा ठरवायला डोकं खाजवावं लागलं नाही, वजाबाक्या सात आणि आपल्या सोलापुरात सात रस्ता चौक आहेच! ती चौकात उभी राहते आणि दर वजाबाकीला एकेका रस्त्यावरच्या रिक्षा जागच्या जागी थिजतात.

फुकट काहीच नाही. दर वजाबाकीला तिच्या आयुष्यातली एक घटका, म्हणजे २४ मिनिटं जातात.

आता घोळ. ६१७४ वर पुन्हा तीच क्रिया केली तर ७६४१ − १४६७ = ६१७४. किती वेळा करा, तिथंच. ती आत गेली, काम उरकलं, आता परत कशी येणार? सध्या मी लिहिलंय की 'तिने डोळे मिटले आणि ती परत आली'. बायकोने वाचून एवढंच विचारलं, "मग एवढं गणित कशाला केलं?"

दुसरं म्हणजे तिनं कुठलं घड्याळ वाचायचं? भारतीय प्रमाणवेळ ८२.५° पूर्व रेखांशाची, सोलापूर साधारण ७५.९° वर. एका अंशाला ४ मिनिटं, म्हणजे आपला सूर्य घड्याळाच्या सुमारे २६ मिनिटं मागे. जादूला प्रमाणवेळ कळते का?

थोडी पार्श्वभूमी देतो, उपयोगी पडली तर. ती पूर्व भागातल्या तेलुगू विणकर घरातली. तिचे तातय्या, म्हणजे आजोबा, चादरीच्या कारखान्यात जकार्डची (मागावर नक्षी विणणाऱ्या यंत्रणेची) कार्डं पंच करायचे. हिशेब ती त्यांच्याकडून शिकली.

प्रतिसाद १

बायकोचा प्रश्न बरोबर आहे. वजाबाकी उलटी फिरवता येत नाही, हेच तुमच्या जादूचं मर्म आहे आणि तुम्ही ते लपवताय. पहिल्या पायरीचं उत्तर फक्त दोन फरकांवर ठरतं: सगळ्यात मोठा आणि सगळ्यात लहान अंक यांचा एक, मधल्या दोघांचा दुसरा. म्हणून हजारो संख्यांची पहिल्याच फटक्यात, शून्य सोडलं तर, फक्त ५४ उत्तरं उरतात. ००:३९, ०३:०९, ०९:०३ आणि ०९:३० या चारही वेळा ९२६१ वर येतात. परत येताना तिला कळणारच नाही की यातली आपली कुठली. साडेनऊला गेलेली पोरगी पहाटे ३:०९ ला सात रस्त्यावर उभी, एकटी. हे लिहा की!

प्रतिसाद २

काय करलालाय बे, उत्तर तुझ्याच शेवटच्या परिच्छेदात आहे! आमच्या घरी दोन माग होते. जकार्डला नक्षी लक्षात ठेवावी लागत नाही, कुठला उभा धागा कधी उचलायचा ते कार्डावरची भोकं सांगतात. वजाबाकीत हरवतो तो अंकांचा क्रम. तो तिनं जाण्याआधी कार्डावर पंच करून न्यावा. दर पायरीला एक कार्ड, सगळी ओळीनं ओवलेली. परतताना माळ उलटी चालवायची. आणि एखादं भोक चुकलं तर? चादरीत मोर वाकडा येतो, इथं दिवस वाकडा येईल.

प्रतिसाद ३

घड्याळाबद्दल. मी दोन्ही करून पाहिलं. तुमचे साडेनऊ म्हणजे सूर्याचे साधारण ९:०४. ०९०४ वरून निघालं तर ९३५१, ८१७२, ७४४३, ३९९६, ६२६४, ४१७६, ६१७४. मोजा, पूर्ण सात! म्हणजे घड्याळानं गेली तर ७२ मिनिटं, सूर्यानं गेली तर १६८. तातय्या सूर्यावर चालणारे आणि नात मोबाइलवर, एवढं केलंत तरी भांडण तयार आहे.

एक शंका मात्र आहे. ००:००, ११:११ आणि २२:२२ ला वजाबाकी शून्य येते. तेव्हा काय होतं?

धागाकर्ता

तिघांचेही आभार. डोळे मिटणं रद्द. कार्डं घेतली, आणि त्यातलं एक तातय्यांनी सूर्यवेळेनं पंच केलेलं असणार, नातीला न सांगता. तिचा तीन घटकांचा हिशेब तिथंच चुकेल.

११:११ चं मी मुद्दाम टाळत होतो, पकडलंत. शून्यानं भागल्यावर येणाऱ्या राशीला भास्कराचार्यांनी 'खहर' म्हटलंय, तिच्यात काही मिळवा नाहीतर काढा, ती बदलत नाही. तसं काहीतरी तिथं ठेवावंसं वाटतंय, पण शून्य येणं आणि शून्यानं भागणं एक नव्हे, हेही कळतंय. कुणाला सुचलं तर लिहा. प्रतिसाद २ वाले, तुमच्याकडे जुनी कार्डं असतील तर रविवारी बघायला येऊ का? भोकं किती आणि कशी असतात तेच मला नीट माहीत नाही.

प्रतिसाद २

ये की. माग विकले, पण कार्डांची एक माळ माळ्यावर आहे. अकराच्या आत ये, नंतर मला दुकान आहे.