मदत हवी आहे : 'राडा' शब्द नक्की आला कुठून?

परवा भाच्याचा मेसेज आला, 'मामा काल ग्राउंडवर फुल राडा केला', मी घाबरून लगेच फोन लावला, म्हटलं कुणाला लागलंबिगलं नाही ना, तर म्हणे अरे मामा मॅच जिंकलो, जाम नाचलो! माझ्यासाठी राडा म्हणजे हाणामारीच. आणि आई, आम्ही चिखलाच्या पायांनी आत आलो की ओरडायची, "सगळ्या घरात राडा केलात!" तिथे राडा म्हणजे सरळ चिखल. भिंत पाडल्यावर उरतो तो राडारोडा वेगळाच.

मला आपलं वाटतं चिखलाचा अर्थ आधीचा, मग घाण, पसारा, गोंधळ असं करत करत मारामारीपर्यंत गेला असेल. पण हिंदीत रार म्हणजे भांडण आणि राजस्थानीत राड म्हणजे पण भांडणच, मग आपला मारामारीवाला राडा तिकडचा का? की दोन वेगळे शब्द एकात मिसळलेत?

तुमच्या घरातली जुनी माणसं कुठल्या अर्थाने म्हणतात ते प्लीज सांगा, आणि जुन्या लिखाणात भांडणाच्या अर्थाने कुठे वाचला असेल तर तेही, मला खरंच शोधायचंय हे.