एल्डन रिंग : पॅरी काही केल्या जमत नाहीये, मदत हवी आहे

कोपऱ्यातला

नमस्कार मंडळी. २०२२ मध्ये एल्डन रिंग हा गेम आला तेव्हा सगळं जग खेळत होतं, मी आत्ता सेलमध्ये घेतला. साध्या पीएस ४ (प्लेस्टेशन ४) वर, हॉलमधल्या टीव्हीला जोडून खेळतोय. लिमग्रेव्ह (सुरुवातीचा प्रदेश) बऱ्यापैकी पालथं घातलंय, मार्गिट या बॉसला मदतीला आत्मे बोलावून कसाबसा पाडला, आता स्टॉर्मव्हेल किल्ल्याच्या दारात आहे.

आतापर्यंत सगळं रोल मारून (कोलांटी घेऊन वार चुकवून) निभावलं. पॅरी (येणारा वार ऐन वेळी ढालीने उडवून शत्रूला उघडा पाडणं) मात्र अजिबात हाताला लागत नाही. सरावाला गेटफ्रंटच्या पडक्या छावणीतला साधा तलवारवाला शिपाई धरलाय. तो तलवार उचलतो, मी एल-टू (ढालीच्या कौशल्याचं बटण) दाबतो, माझी ढाल झपकन फिरते आणि जागेवर परतसुद्धा येते. मग साहेब सावकाश माझ्या डोक्यात घालतात. जरा थांबून दाबावं तर तोवर वार खाऊन झालेला असतो. ढाल मध्यम आकाराची आहे, तिच्यावर पॅरीचं कौशल्य बसवलंय, म्हणजे बटण बरोबर आहे.

नेमकं बघायचं कशाकडे? तलवारीकडे, हाताकडे, की आवाजाकडे कान ठेवायचा? आणि ढाल बदलून खरंच फरक पडतो का?

'रोल मारा, पॅरीच्या नादी लागू नका' हा सल्ला कृपया नको. तो भरपूर मिळालाय.

निवांत पक्या

रोल मारा, पॅरीच्या नादी लागू नका.

(हलके घ्या.)

बरं, गंभीरपणे. गार्ड काउंटर करून बघितलात का? वार ढालीवर झेलायचा आणि लगेच आर-टू (जोरदार वाराचं बटण). या कंपनीच्या आधीच्या सोल्स गेममध्ये हे नव्हतं. पॅरीएवढा रुबाब नाही, पण वेळ बऱ्यापैकी सैल असते आणि चुकलं तरी जीव जात नाही. मी अख्खा गेम त्यावर काढला.

ढालगज

पक्याभाऊंचं बरोबर आहे, पण धागाकर्त्यांना पॅरीच हवी आहे, तर सांगते.

बटण दाबताक्षणी पॅरी चालू होत नाही, सगळी गोम इथेच आहे. ढालीच्या फिरकीत सुरुवातीचा थोडा भाग नुसता तयारीचा असतो, मधल्या छोट्या तुकड्यात वार आला तरच तो उडतो, आणि उरलेला वेळ तुम्ही उघडे. त्यामुळे वार अंगाला भिडायच्या किंचित आधी दाबायचं असतं. तुम्ही तो तलवार उचलतो तेव्हाच दाबताय. या गेममधले शत्रू तलवार उचलून मुद्दाम थांबतात. तुम्ही घाबरून दाबावं यासाठीच ते थांबणं आहे. उचललेल्या तलवारीकडे दुर्लक्ष करा. खांदा आणि कोपर बघा. हात पुढे सुटला की दाबा.

हे वाचून लगेच जमणार नाही, म्हणून माझी पद्धत सांगते. आधी पॅरी करूच नका. त्याच शिपायासमोर नुसती ढाल धरून उभे राहा आणि वार झेलत राहा. हात सुटल्यापासून ढालीवर 'ठण' वाजेपर्यंत किती वेळ जातो तो कानात बसू द्या. मग त्या 'ठण'च्या अर्धा श्वास आधी एल-टू. दोन-तीन वार सलग करणारा शत्रू असेल तर पहिला ढालीवर घ्या आणि दुसऱ्याला पॅरी करा. पहिल्याची वेळ ओळखायला कठीण, दुसरा ठेक्यात येतो.

त्या छावणीत एक जण शिंग फुंकून सगळ्यांना गोळा करतो. त्याला आधी संपवा, नाहीतर सराव राहील बाजूला. बाणवाल्यांचंही तेच, बाण पॅरी होत नाहीत.

आता ढाल. हो, फरक पडतो, चांगलाच. बकलर घ्या. तिचं स्वतःचं बकलर पॅरी हे कौशल्य साध्या पॅरीपेक्षा सढळ आहे, चालणारा तुकडा मोठा मिळतो. स्टॉर्मव्हेलच्या दाराशी बसलेला गोस्टॉक ती विकतो. (भामटा आहे. किल्ल्यात मेलात की तुमच्या रून्समधला (गेममधलं चलन) वाटा ढापतो. पण ढाल चांगली देतो.) बकलरवर वार नुसता झेललात तर बरंच रक्त जातं, तेव्हा 'ठण' ऐकायचा सराव आत्ताच्या ढालीवरच करा आणि नंतर बदला. ढाल बदलल्यावर वेळ थोडी हलते, एक संध्याकाळ त्यात जाईल.

आणि पॅरी लागल्यावर आनंदाच्या भरात आर-वन (साध्या वाराचं बटण) बडवू नका. तो गुडघ्यावर येऊ द्या, बरोबर समोर उभे राहा, मग एकदाच दाबा. घाई केलीत तर साधाच वार बसतो आणि एवढी मेहनत फुकट. त्या एका वारासाठी मिझरिकॉर्ड नावाचा खंजीर आहे, क्रिटिकल (उघड्या पडलेल्या शत्रूवरच्या जबर वाराचा आकडा) १४०. तोही स्टॉर्मव्हेलमध्येच, एक स्टोनस्वर्ड की (किल्ली) खर्च करून उघडणाऱ्या दारामागे.

चिकूशेक

+१ ढालगजताई. एक गोष्ट कोणी विचारली नाही. टीव्ही कुठल्या मोडवर आहे?

हॉलमधला टीव्ही म्हणजे घरच्यांनी सिनेमा आणि क्रिकेटसाठी लावून ठेवलेला असणार. चित्र गुळगुळीत करणारे जे काही पर्याय चालू असतात, ते प्रत्येक फ्रेम अडवून ठेवतात. काही टीव्ही असे शंभरेक मिलिसेकंद सहज खातात. त्यात साध्या पीएस ४ वर गेम सेकंदाला ३० फ्रेमच्या आसपास चालतो, म्हणजे एकेक फ्रेमच ३३ मिलिसेकंदांची. रोलमध्ये हे खपून जातं, पॅरीत नाही. सेटिंगमध्ये 'गेम मोड' असेल तो चालू करा. नसेल तर चित्राचे सगळे सुधारक एकेक करून बंद करा.

कोपऱ्यातला

सर्वांचे मनापासून आभार. टीव्ही 'सिनेमा'वर होता. गेम मोड लावल्यावर बाबांनी 'चित्र फिकं का झालं' म्हणून दोनदा विचारलं, पण बटण दाबणं आणि ढाल फिरणं यातलं अंतर चक्क कमी झालेलं दिसतंय. इतके दिवस मी चित्राच्या मागे पळत होतो.

ताई, ढाल धरून नुसतं ऐकत बसण्याची कल्पना भारी आहे. शिपाई आता बऱ्याचदा उडतो. बकलर घेतली. गोस्टॉकने वाटा आधीच ढापला होता.

पुढचा प्रश्न. स्टॉर्महिलच्या एव्हरगेओलमधला (बंदिस्त रिंगणातला) क्रुसिबल नाइट हा बॉस. सगळे म्हणतात तो पॅरीने सोपा जातो. तिथे आत्मे बोलावता येत नाहीत, त्यामुळे मी आणि तो दोघंच. त्याच्यासमोर सगळं शिकलेलं विसरायला होतं. आणि मध्येच जेवायला हाक आली तर या गेमला पॉजही नाही!

निवांत पक्या

जेवून घेत जा आधी. रिकाम्या पोटी क्रुसिबल नाइट म्हणजे आत्महत्या.

ढालगज

सोपा जातो हे खरं, पण 'सोपा' कुणासाठी ते कोणी सांगत नाही. त्याला एक पॅरी लागली की तो लगेच क्रिटिकलला मोकळा होतो, एवढाच त्याचा अर्थ. मार्गिट एका पॅरीत तसा बसत नाही, म्हणून तुलनेत हा बरा.

त्याच्याशी लढताना कुठला वार सोडायचा हे आधी ठरवा. पाय उचलून जमिनीवर आपटतो तो पॅरी होत नाही, तिथे रोल किंवा मागे सरकणं. तुमच्या कामाचे वार म्हणजे तलवारीचे. ढाल पुढे धरून तो संथ चालत येतो, तलवार मागे नेतो आणि थांबतो. भल्याभल्यांचा एल-टू इथेच फुकट जातो. तेव्हा त्याच शिपायासारखं, कोपर सुटेपर्यंत हात आवरा. फार लांबही राहू नका. लांब राहिलात की तो उड्या मारत येतो आणि ठेका बिघडतो. हात पोचेल इतक्या अंतरावर, कॅमेरा त्याच्यावर लॉक करून, त्याच्या उजव्या खांद्यावर डोळा.

पहिल्या काही फेऱ्यांत त्याला मारायचा विचारच नको. फक्त कुठल्या वाराला दाबायचं ते ओळखा आणि मरा. त्या वेळी हातातले रून्स आधी पातळी वाढवून खर्च करून टाका, म्हणजे मरताना पोटात गोळा येत नाही.

निम्मं रक्त गेल्यावर तो शेपटी काढतो. शेपटीला पॅरी चालत नाही. ती फिरून संपेपर्यंत लांब राहा, मग परत जवळ जाऊन तलवारीची वाट बघा.