पाणथळ इथे बुजवा, भरपाई तिथे करा: नाशिकला हा व्यवहार चालेल का?

गोदाकाठ

2025 च्या शेवटी तपोवनात साधुग्रामासाठी झाडं तोडायचा विषय निघाला, तेव्हा 'बदल्यात दुसरीकडे हजारो लावू' हे उत्तर आपण सगळ्यांनी ऐकलं. ते पटो न पटो, झाडाच्या बदल्यात काहीतरी द्यावं लागतं एवढं तरी सरकारदरबारी मान्य आहे. पाणथळीचं काय? ओढ्याकाठची दलदल, पावसाळ्यात भरणारं सखल रान, जुनी पाझरती तळी. यांच्यावर रातोरात राडारोडा पडतो, वर मुरूम दाबला जातो आणि पुढच्या वर्षी तिथे प्लॉटचा बोर्ड लागतो. कोणी कोणाला काही देत नाही.

अमेरिकेत यासाठी 'मिटिगेशन बँक' नावाची व्यवस्था आहे. 1972 च्या क्लीन वॉटर ॲक्टच्या कलम 404 नुसार पाणथळीत भराव टाकायचा तर लष्कराच्या इंजिनिअर दलाची परवानगी लागते. पहिली अट नुकसान टाळा, दुसरी कमी करा, आणि जे टळणारच नाही त्याची भरपाई करा. ही भरपाई बिल्डरने स्वतः करण्याऐवजी बँकेकडून विकत घेता येते. बँक म्हणजे काय, तर कोणीतरी आधीच चर खणून सुकवलेली जुनी शेतजमीन घेतो, चर बुजवतो, पाणी परत आणतो, स्थानिक झाडंझुडपं लावतो. सरकारी यंत्रणा तपासून त्याला क्रेडिट, म्हणजे किती भरपाई झाली याची विकता येणारी एककं, देतात आणि ती तो विकतो. जमिनीवर कायमचं बंधन येतं, पुन्हा तिथे काही बांधता येत नाही.

आधीच सांगतो, मी याच्या बाजूने आहे. आज पाणथळीची किंमत शून्य आहे, म्हणून ती बुजते. किंमत लागली तर बिल्डर निदान दोनदा विचार करेल.

चांदवा

किंमत लागली की तो दोनदा विचार करणार नाही, एकदाच करेल: परवडतंय का. दादा, 2012 साली 621 पुनरुज्जीवित आणि नव्या पाणथळींचा आढावा प्रसिद्ध झाला होता. तिथली वनस्पती आणि जीवांची घडी नैसर्गिक पाणथळीपेक्षा सरासरी 26 टक्के कमी, आणि मातीत कार्बन साठवण्यासारखी कामं 23 टक्के कमी. तीसुद्धा बऱ्याच ठिकाणी अनेक दशकं उलटल्यावर. म्हणजे एकर देऊन एकर घेतला तरी पाऊण एकरच हातात आला.

मी हिवाळ्यात नांदूरमधमेश्वरला जातो. तिथे पक्षी 'पाणी' बघून येत नाहीत, पाण्याची खोली बघून येतात. थापट्याला वितभर पाणी आणि चिखल लागतो, चांदव्याला पाणवनस्पती लागते, शेकाट्याला तर पाय बुडण्यापुरतंच. टेहळणी मनोऱ्यावरून बघाल तर एकाच नजरेत उथळ, खोल, गवताळ, उघडा गाळ असे चार पट्टे दिसतात. हे कोणत्या क्रेडिटच्या खात्यात मांडणार?

गोदाकाठ

@चांदवा, नेमकं उदाहरण तुम्हीच दिलंत. नांदूरमधमेश्वर काही देवाने केलेलं नाही. गोदावरी-कादवेच्या संगमाजवळ इंग्रजांच्या काळात कालव्यांसाठी बंधारा बांधला, मागे गाळ साठत गेला आणि बेटं, उथळ दलदल तयार झाली. 1986 ला ते अभयारण्य झालं आणि 2020 च्या सुरुवातीला महाराष्ट्रातलं पहिलं रामसर स्थळ (आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ) म्हणून जाहीर झालं. माणसाच्या हाताने पाणथळ होते याचा यापेक्षा मोठा पुरावा कोणता?

चांदवा

बंधारा गेल्या शतकाच्या सुरुवातीचा, अभयारण्य 1986 चं. मधे पाऊणशे वर्षं गेली हो! आणि कोणी ठरवून केलं नाही, गाळ साठत गेला म्हणून झालं. तुमच्या बँकेत भराव आज पडणार आणि बदक नातवाच्या लग्नाला येणार.

रेडीरेकनर

भावनिक चर्चा चालू द्या. एक प्रॅक्टिकल प्रश्न: एकरी क्रेडिटचा भाव काय पडतो? ठरलेली रक्कम भरून फाईल मोकळी होणार असेल तर आमच्या लाइनमधले निम्मे लोक उद्या तयार होतील. आज आम्हाला त्रास दंडाचा नाही, अनिश्चितीचा आहे. परवानगी मिळते, काम सुरू होतं, मग कोणीतरी याचिका घालतं आणि दोन मजल्यांवर काम अडकतं. कर्जाचं व्याज तर थांबत नाही ना.

चांदवा

घ्या. @गोदाकाठ, तुमचं पहिलं गिऱ्हाईक आलं.

निवृत्त_शाखा_अभियंता

पक्षी क्षणभर बाजूला ठेवू. मी पाटबंधाऱ्यात नोकरी केली, मला पाण्याचा हिशेब कळतो.

पाणथळीचं एक काम पाणी थोपवून धरणं. गंगापूर धरणाखाली शहरापर्यंत जे ओढे-नाले येतात त्यांच्या काठची सखल जागा पावसाचं पाणी काही तास अडवते. ती बुजवली की तेच पाणी थेट नदीत उतरतं, आणि धरणातून विसर्ग चालू असेल तर दोन्ही एकाच वेळी रामकुंडावर येतात. आता समजा गंगापूर रोडच्या बाजूला पाच एकर बुजवलं आणि त्याची बँक निफाड तालुक्यात काढली. कागदावर खोरं एकच, गोदावरीचं. पण निफाड शहराच्या खालच्या अंगाला आहे. तिथे पाच काय, पन्नास एकर पाणथळ केलीत तरी रामकुंडाजवळच्या ज्या मूर्तीवरून आपण पूर मोजतो त्या दुतोंड्या मारुतीच्या कमरेचं पाणी बोटभरही उतरणार नाही.

2008 चा पूर ज्यांनी सराफ बाजारात पाहिला त्यांना हे समजवावं लागत नाही. त्यानंतर नदीकाठच्या बांधकामाला हद्द घालणाऱ्या निळ्या-लाल पूररेषा आखल्या, आणि त्या सरकवून घ्यायची खटपटही सुरू झाली. निळी रेषा ढळढळीत नकाशावर असताना ही स्थिती, मग नकाशावर नसलेल्या सखल रानाला कोण विचारतो?

गोदाकाठ

काका, मुद्दा बिनतोड आहे, पण तो योजनेच्या विरुद्ध नाही, तिच्या आखणीबद्दल आहे. अमेरिकेतही प्रत्येक बँकेला ठराविक 'सेवा क्षेत्र' असतं, त्याबाहेर क्रेडिट विकता येत नाही. आपण ते आणखी आवळू. नासर्डीचं नुकसान नासर्डीच्याच पाणलोटात भरायचं, वालदेवीचं वालदेवीत, आणि शक्यतो वरच्या अंगाला.

रिचमंडहून_नाशिककर

मी मूळचा पंचवटीचा, सध्या व्हर्जिनियात याच क्षेत्रात कन्सल्टंट आहे. दोन्ही बाजूंना थोडं थोडं नाराज करतो.

पहिलं म्हणजे ही नुसती पैसे भरून सुटका नाही. बँकेला सगळी क्रेडिट एकदम मिळत नाहीत. आराखडा मंजूर झाला, जमिनीवर बंधन नोंदलं, पैशाची हमी दिली की थोडी मिळतात. बाकीची जागा अटी पूर्ण करेल तशी सुटतात. आम्ही त्या जागेत नळ्या पुरतो आणि भूजलाची पातळी सतत नोंदवतो. झाडं वाढायच्या हंगामात सलग 14 दिवस पाणी जमिनीखाली फुटाच्या आत राहिलं का, हे बघायचं. शिवाय माती तपासायची: गिरमिटाने काढलेला गोळा राखाडी आहे का, त्यात गंजाच्या रेघा आहेत का, कारण माती पाण्यात राहिल्याची ती खूण. निदान 5 वर्षं हे चालतं, जंगलाची पाणथळ असेल तर जास्त. पातळी आली नाही तर क्रेडिट अडकतात. 2008 च्या नियमात बँकेला प्राधान्य मिळालं ते याचसाठी. त्याआधी बिल्डर आपापल्या आवाराच्या कोपऱ्यात खड्डा खणून त्याला पाणथळ म्हणत, आणि पुढे कोणी बघत नसे.

दुसरी बाजू. 'निव्वळ घट शून्य' हे धोरण तिथे थोरल्या बुश यांच्या काळापासून आहे. तरीही 2009 ते 2019 या काळात देशातली पाणथळ निव्वळ सुमारे 2 लाख 21 हजार एकरांनी घटली. कारण परवान्याच्या कक्षेत न येणारं नुकसान बँकेपर्यंत पोचतच नाही. त्यात 2023 मध्ये सुप्रीम कोर्टाने सॅकेट खटल्यात निकाल दिला की नदी-तलावाशी पृष्ठभागावरून सलग जोडलेली पाणथळच या केंद्रीय कायद्याखाली येते. बाकीच्या लाखो एकरांचं केंद्रीय संरक्षण एका निकालाने गेलं. जिथे परवाना लागत नाही तिथे क्रेडिट कोण विकत घेणार?

आणि @गोदाकाठ, नासर्डीपुरतं क्षेत्र आखलंत तर तिथे बँक काढायला कोणी येणार नाही. गिऱ्हाईकं मोजकी, जमीन शहराच्या भावाची. क्षेत्र मोठं केलं तर धंदा चालतो पण अभियंता काका म्हणतात तसं नुकसान एकीकडे आणि भरपाई दुसरीकडे होते. ही ओढाताण तिथेही सुटलेली नाही.

कायद्याचा_कीस

आपल्याकडचा कायदा कोणी काढला नाही म्हणून मी काढतो. 2017 च्या पाणथळ नियमांत नदीपात्र, भातखाचरं, आणि पिण्याच्या पाण्यासाठी, सिंचनासाठी, मत्स्यशेतीसाठी किंवा करमणुकीसाठी मुद्दाम बांधलेले जलाशय वगळले आहेत. धरणं-बंधाऱ्यांच्या नाशिक जिल्ह्यात मग उरलं काय? नांदूरमधमेश्वर सिंचनाचा बंधारा असूनही वाचतं, कारण रामसर स्थळ नियमांत वेगळं घेतलेलं आहे. देशभरातल्या 2.25 हेक्टरपेक्षा मोठ्या 2 लाख 1 हजार 503 पाणथळींना सुप्रीम कोर्टाने 2017 साली संरक्षण दिलं. तुमच्या ओढ्याकाठच्या अर्ध्या एकराला त्यात जागा नाही.

म्हणजे ज्या पाणथळी नियमांत आहेत तिथे भरावाला मनाईच आहे, त्यामुळे क्रेडिटचा प्रश्न येत नाही. ज्या नियमांत नाहीत तिथे परवानगीच लागत नाही, तिथेही येत नाही. बँक आणली तर ती फक्त एका जागी कामाला येईल: मनाई सैल करायला. जंगलाच्या भरपाईच्या निधीचं, म्हणजे कॅम्पाचं बघा ना. 1980 च्या वन कायद्याने जंगल वळवायला लगाम घातला, मग भरपाई वनीकरणाचा निधी साठत गेला, त्याचा 2016 ला वेगळा कायदा झाला. आज जंगल द्यायचं का यावर चर्चा होत नाही, रक्कम भरली का एवढंच विचारतात.

गोदाकाठ

@कायद्याचा_कीस, तुम्ही जे सांगितलंत त्यावरून तर आजच्या स्थितीत लहान पाणथळ फुकटात जाते हेच सिद्ध होतं. फुकटात जाण्यापेक्षा पैसे मोजून गेलेली काय वाईट? मोठ्या, नोंदलेल्या पाणथळींना हातही लावू नका, ती मनाई तशीच राहू द्या. 2.25 हेक्टरच्या खालच्यांसाठी परवाना आणा आणि त्याला भरपाई जोडा. कॅम्पाच्या नावाने सगळ्या भरपाईला झोडपणं सोपं आहे. तिथे पैसा सरकारी तिजोरीत गेला, जंगल कुठे उभं राहिलं हे बघायला कोणी अडून बसलं नाही. इथे पाणी दिसल्याशिवाय बँकवाल्याला क्रेडिट मिळत नाही. तो स्वतःच्या पैशासाठी तरी पाणी आणेल.

निवृत्त_शाखा_अभियंता

पाणी आणेल, की पाणी आल्याचा दाखला आणेल? पाहणीला कोण जाणार? एका शाखेत चार पदं मंजूर, त्यातलं एक भरलेलं, तोही निवडणुकीच्या कामावर.

सायखेड्याचा_शेतकरी

सगळे शहाणे लोक आहात, पण बँकेसाठी जमीन कोणाची घेणार ते एकानेही सांगितलं नाही. नाशिकमधली तर घेणार नाही, ती सोन्याच्या भावाची. म्हणजे आमच्याकडेच येणार.

आमच्याकडे पाणी ओसरलं की गाळपेर जमिनीत हरभरा, गहू, भाजीपाला करणारी कुटुंबं आहेत. पिढ्यान् पिढ्या करतात. तुमच्या चांदवासाहेबांना मनोऱ्यावरून जो 'उघडा गाळ' दिसतो ना, त्यावर कोणाची तरी रब्बी असते. तिथे कायमचं बंधन आलं, सातबाऱ्याच्या इतर हक्कात बोजा चढला, की ना कर्ज मिळणार ना वाटणी होणार. नाशिकचा बिल्डर मोकळा, आणि आमची पोरं अडकली.

आणि भरपाई म्हणता तर जुना हिशेब आधी काढा. शहराचं सांडपाणी गोदावरीतून कुठे येतं? आमच्याकडे. त्यावर पाणवेली पोसतात, पावसाळ्यात वाहत येऊन सायखेड्याच्या पुलाला अडकतात, पाणी तुंबतं आणि गावात शिरतं. त्या वेली जेसीबीने उपसताना दरवर्षी बघतो. याचं क्रेडिट आम्ही कोणाला विकायचं?

रेडीरेकनर

भाऊ, तुम्हाला एकरी भाव चांगला मिळाला तर? अमेरिकेत शेतकरी स्वतःच बँक काढतात म्हणे.

रिचमंडहून_नाशिककर

काढतात, पण त्यांच्याकडे शेकडो एकर असतात, आणि नापीक ओला तुकडा ते यात घालतात. इथल्या दीड-दोन एकराच्या खातेदाराला ते गणित लागू नाही. चार-पाच गावांनी मिळून सहकारी तत्त्वावर केलं तर वेगळी गोष्ट.

सायखेड्याचा_शेतकरी

सहकार आम्हाला शिकवू नका दादा, निफाडचा साखर कारखाना आम्ही बघितलाय. भाव चांगला द्या म्हणणाऱ्याने भाडं द्यावं, खरेदी नको. पाणी जमिनीत ठेवायचे दर हंगामाचे पैसे, पंधरा वर्षांचा करार, गाळपेरीचा हक्क शाबूत, आणि मुदत संपली की आमची मर्जी. ज्यांना 'कायमचं बंधन' हवंय त्यांनी ते आधी गंगापूर रोडच्या फार्महाऊसवर घालून दाखवावं.

चांदवा

पंधरा वर्षांनी नांगरायला मोकळी राहणारी पाणथळ आणि कायमची बुजवलेली पाणथळ यांची अदलाबदल कशी होणार? तरी तुमची मागणी मला या धाग्यातल्या सगळ्या योजनांपेक्षा प्रामाणिक वाटते. फक्त तिला भरपाई म्हणू नका, तिच्यावर शहरात भराव टाकायची परवानगी देऊ नका. शहराने पूर आणि घाण खाली ढकलल्याचं भाडं म्हणून द्या.

निवृत्त_शाखा_अभियंता

आणि शहरापुरतं माझं एक काम कोणी घेतं का बघा. 2027 च्या कुंभासाठी रस्ते आखले जातायत. आखणीचे नकाशे आणि जुने गाव नकाशे शेजारी ठेवा. गाव नकाशात ओढा दाखवलेला असतो. रस्त्याच्या नकाशात तिथे मोरी आहे की नुसता भराव, एवढं प्रत्येक ठिकाणी तपासायचं. ज्यांच्याकडे मखमलाबाद आणि आडगाव बाजूचे गाव नकाशे असतील त्यांनी मला व्यनि (खासगी निरोप) करा, वाचायला मी बसतो.