'द आयर्न जायंट' : मुलांना जड नाही

'द आयर्न जायंट' (१९९९) हा एका रोबोची आणि एका मुलाची गोष्ट सांगणारा ॲनिमेशनपट मुलांना जड जाईल, असं काहींना वाटतं. हे मत मला पटत नाही. शिकाऱ्यांनी मारलेलं हरीण पाहून तो अजस्र रोबो गोंधळतो आणि छोटा होगार्थ त्याला मरण म्हणजे काय ते आडपडदा न ठेवता सांगतो. किती खरा प्रसंग आहे तो! काळ १९५७ चा, सोव्हिएत रशियाने स्पुटनिक हा पहिला कृत्रिम उपग्रह सोडल्यानंतरच्या धास्तावलेल्या अमेरिकेतला. त्यामुळे सरकारी एजंट मॅन्स्लीचा संशय एकट्या खलनायकाचा वाटत नाही, सगळ्या हवेतच भीती आहे. रोबोच्या अंगात शस्त्रं भरलेली, तरी आपण बंदूक व्हायचं नाही हे तो स्वतः ठरवतो. शेवटी गाव वाचवायला क्षेपणास्त्राकडे झेपावतानाही तो कुणाच्या आज्ञेची वाट पाहत नाही. मुलांसोबत बसून जरूर पाहा, प्रश्न विचारतील तर विचारू द्या.